मरुत्सखा आणि कवड्या डोंगरचा वारा

चौपाटीवरून उडालेलं 'पहिलं विमान', बेंगळुरूच्या पंडितांचं गूढ शास्त्र आणि नगर जिल्ह्यातल्या पवनचक्क्या... या तिघांची गाठ पारनेरजवळच्या एका टेकडीवर पडली, ती अशी!

तुमच्या फॅमिली ग्रुपवर एक तरी काका असे असणारच, की जे वर्षातून दोनदा हा मेसेज पाठवतात : 'राइट बंधूंच्या आठ वर्षं आधी, १८९५ साली, गिरगाव चौपाटीवर एका मराठी माणसाने विमान उडवलं होतं. इंग्रजांनी ते दाबून टाकलं. अभिमान असेल तर पुढे पाठवा!' खाली तिरंगा, जोडलेले हात आणि पगडीवाल्या माणसाचं एक धूसर चित्र. मला हा मेसेज पहिल्यांदा ईमेलवर आला होता, मग ऑर्कुटवर, मग फेसबुकवर आणि आता व्हॉट्सअ‍ॅपवर. विमान उडालं की नाही ते नंतर पाहू, मेसेज मात्र अजून खाली उतरलेला नाही.

त्या माणसाचं नाव शिवकर बापूजी तळपदे. आणि त्यांच्या यंत्राचं नाव 'मरुत्सखा'. म्हणजे वाऱ्याचा दोस्त. कसलं सही नाव आहे ना? आजच्या एखाद्या ड्रोन स्टार्टअपने लाखो रुपये देऊन ब्रँडिंग एजन्सीकडून करून घेतलं, तरी असं नाव सुचायचं नाही.

माझ्या मामेभावाने हेच नाव स्वतःच्या फोनमध्ये ग्रुपचं नाव म्हणून ठेवलंय. पारनेर तालुक्यातला मुलगा, बारावी सायन्स, डोक्यात एकच खूळ : एरोनॉटिकल! त्याच्या डीपीवर तळपदे. खोलीच्या भिंतीवर एका बाजूला कलाम आणि दुसऱ्या बाजूला त्याने स्वतः पेन्सिलने काढलेलं मरुत्सखा. गेल्या पावसाळ्यात मी दोन दिवस मामाकडे राहायला गेले, तेव्हा पहिल्याच संध्याकाळी आमची जुंपली. "ताई, तू पत्रकार आहेस ना? मग आपल्या माणसावर का नाही लिहीत?" म्हटलं, लिहिते. पण मग सगळं लिहीन. चालेल?

आधी दंतकथा, जशी सांगतात तशी. तळपदे १८६४ साली मुंबईत चिराबाजारात जन्मले, पाठारे प्रभू घराण्यात. संस्कृतचा चांगला अभ्यास. जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकले आणि तिथेच शिकवूही लागले. त्यांचे गुरू चिरंजीलाल वर्मा यांनी त्यांना स्वामी दयानंद सरस्वतींच्या वेदभाष्याकडे वळवलं, आणि वेदांत विमानविद्या आहे या कल्पनेने तळपदे झपाटले. पत्नीच्या आणि मित्राच्या मदतीने त्यांनी एक यंत्र बांधलं. १८९५ साली चौपाटीवर न्यायमूर्ती रानडे आणि महाराज सयाजीराव गायकवाड यांच्या साक्षीने ते विनापायलट यंत्र १५०० फूट वर गेलं आणि खाली कोसळलं. इंधन? पारा! सूर्याच्या उष्णतेने तापणारा पारा. मग इंग्रज सरकारने बडोद्यावर दबाव आणला, पैसा आटला, पत्नी गेली, तळपदे खचले आणि त्यांच्या मृत्यूनंतर यंत्राचे अवशेष एका परदेशी कंपनीला विकले गेले. यावर २०१५ साली आयुष्मान खुरानाचा 'हवाईजादा' नावाचा सिनेमाही येऊन गेला. आला आणि गेला.

आता बघा, ही गोष्ट ऐकताना आपण मान डोलवतो, कारण तिच्यात सगळं आहे. गरीब जीनियस, शापित प्रतिभा, दुष्ट साहेब, साथ देणारी बायको. फक्त आकडे जरा सावकाश वाचायचे. १५०० फूट म्हणजे किती? मुंबईतला राजाबाई टॉवर १८७८ पासून उभा आहे, त्याची उंची २८० फूट. म्हणजे पाच राजाबाई टॉवर एकावर एक ठेवले तरी मरुत्सखा त्यांच्या वरून गेलं असतं. तेही गिरगावात, भरवस्तीत! त्या काळात शहरात इंग्रजी, मराठी, गुजराती वर्तमानपत्रांची रेलचेल होती. 'केसरी'त बातमी आली होती, असं प्रत्येक फॉरवर्ड सांगतो. अंकाची तारीख एकही सांगत नाही.

आणि पारा. दहा लिटर पाण्याचं वजन दहा किलो, दहा लिटर पाऱ्याचं सुमारे १३५ किलो. तो उकळतो ३५७ अंश सेल्सिअसला, आणि त्याची वाफ विषारी. उडायला निघालेल्या माणसाने सोबत घ्यावी अशी ही वस्तूच नाही. मामेभाऊ म्हणाला, "पण ताई, ते साधा पारा नसेल वापरत. शुद्ध केलेला असेल." शुद्ध केला म्हणून पारा हलका होत नाही रे बाबा!

गुहेतले गुरू आणि चार विमानं

इथे कथेत खरे गूढपुरुष प्रवेश करतात. तळपदे नव्हेत, ते तर चाळीतले, रंग-रेषांतले हाडामांसाचे मास्तर. गूढ आहेत ते पंडित सुब्बराय शास्त्री. जन्म १८६६, मृत्यू १९४०. बेंगळुरूजवळच्या आनेकलचे. लहानपणी अनाथ झाले, आजारपणात, गरिबीत भटकले आणि कोलारजवळ एका गुहेत त्यांना एक गुरू भेटले, ज्यांनी त्यांना सगळ्या प्राचीन शास्त्रांचं ज्ञान दिलं, असं त्यांच्या चरित्रात येतं. पुढे शास्त्रीबुवा समाधीत गेल्यासारखे होत आणि श्लोकामागून श्लोक सांगत. समोर बसलेले व्यंकटाचल शर्मा लिहून घेत. १९१८ ते १९२३ या काळात असा जो ग्रंथ तयार झाला, तो 'वैमानिक शास्त्र'. कर्तृत्व भरद्वाज ऋषींचं मानलेलं, श्लोक सुमारे ३०००. १९२३ मध्ये बेंगळुरूच्या एल्लप्पा नावाच्या ड्राफ्ट्समनने शास्त्रीबुवांच्या सांगण्यावरून विमानांची ड्रॉइंग्ज काढली. शकुन, सुंदर, रुक्म आणि त्रिपुर अशी त्या विमानांची नावं. नेटवर जे मजल्या-मजल्याचं, देवळाच्या शिखरासारखं विमान तुम्ही पाहिलंय ना, ते रुक्म.

मला शास्त्रीबुवांबद्दल खरंच कुतूहल वाटतं. माणूस लबाड होता असं मुळीच वाटत नाही. पैसे मिळवले नाहीत, कंपनी काढली नाही, ग्रंथ हयातीत छापूनही आला नाही. हिंदी आवृत्ती आली १९५९ साली आणि म्हैसूरच्या जोस्यर यांनी इंग्रजी भाषांतरासह ग्रंथ छापला तो थेट १९७३ साली. मला तरी वाटतं की त्यांना ते सगळं दिसत होतं. डोळे मिटून संपूर्ण जग दिसावं तसं. धातूंची नावं, आरशांचे प्रकार, वैमानिकाने काय खावं, काय नेसावं... फँटसी लिहिणाऱ्या आजच्या लेखकाला हेवा वाटावा इतका तपशील.

जग दिसणं वेगळं आणि विमान उडणं वेगळं, हे बेंगळुरूच्याच इंडियन इन्स्टिट्यूट ऑफ सायन्समधल्या पाच जणांनी दाखवलं. मुकुंद, देशपांडे, नागेंद्र, प्रभू आणि गोविंदराजू. त्यांनी टिंगल केली नाही. ग्रंथ वाचला, संस्कृतची भाषा तपासली, व्यंकटराम शास्त्रींसारख्या जवळच्या माणसांना भेटले आणि मग ड्रॉइंग्जवर इंजिनिअरिंग लावलं. वजन किती, उचल किती, शेपटी केवढी. १९७४ मध्ये त्यांचा लेख प्रसिद्ध झाला. निष्कर्ष : ग्रंथ १९०४ च्या मागे नेता येत नाही, भाषा आधुनिक संस्कृत आहे, आणि चारपैकी एकाही विमानात उडण्याचे गुण नाहीत.

याच लेखात तळपदेंचाही उल्लेख आहे, आणि मला वाटतं आपण सगळ्यांनी तोच वाचायला हवा. सुब्बराय शास्त्रींच्या मार्गदर्शनाखाली मुंबईच्या तळपदेंनी मॉडेल्स बनवायचे प्रयत्न केले, पण त्यातलं एकही उडवण्यात त्यांना यश आलं नाही, अशी ती नोंद. 

म्हणजे तळपदे होते. यंत्रं होती. प्रयत्न होते. १९०७ साली त्यांनी 'प्राचीन विमानकलेचा शोध' हे पुस्तकही लिहिलं. नव्हतं ते फक्त उड्डाण.

मी हे सांगितलं तेव्हा मामेभाऊ अर्धा तास बोलला नाही. मग म्हणाला, "म्हणजे ते फेल होते असं म्हण ना सरळ." त्याचा आवाज असा काही होता की मला पुढचं बोलणं दुसऱ्या दिवसावर ढकलावंसं वाटलं. बारावीच्या मुलासमोर 'फेल' हा शब्द जपून वापरावा लागतो, राव.

पंखा नव्हे, चक्की

दुसऱ्या दिवशी आम्ही बाइक काढली आणि कवड्या डोंगरावर गेलो. पुण्याहून नगरला जाताना शिरूर सोडलं, घोडनदी ओलांडली, की नगर जिल्हा लागतो. कागदोपत्री आता अहिल्यानगर. आमच्या तोंडातलं 'नगर' जायला मात्र वेळ लागेल. सुप्याच्या आसपास मान वळवली की क्षितिजावर त्या पांढऱ्या तीन पात्यांच्या पवनचक्क्या दिसतात. २००० नंतरच्या पहिल्या काही वर्षांत त्या उभ्या राहिल्या, आणि तेव्हापासून पुणे-नगर एसटीत खिडकीची सीट मिळालेलं प्रत्येक पोर त्या मोजत आलंय. मीही मोजायचे. दर वेळी आकडा वेगळा यायचा.

निघताना मामा म्हणाले, "बघून या त्या पंख्यांकडं. त्यांनीच तर ढग पळवले आमचे." हा आणखी एक किस्सा. २००३ च्या दुष्काळाच्या सुमारास सातारा, सांगलीपासून आमच्याकडेपर्यंत ही समजूत पसरली होती, की पवनचक्क्या वारा मारून पाऊस हाकलतात. मोर्चे निघाले, निवेदनं दिली गेली. आणि मला त्या लोकांना हसवत नाही. डोळ्यांसमोर पीक जळतंय, टँकर येत नाही आणि टेकडीवर कुणाचे तरी पंखे मस्त गरगर फिरताहेत, त्यातून वीजही आपल्याला नाही. तर संशय येणारच की! पण मामांना मी सांगायचा प्रयत्न केला. "मामा, पंखा वीज खाऊन वारा देतो. ही वारा खाऊन वीज देते. हिच्या मागचा वारा उलट मंद होतो. आणि ढग किती वर असतात, ही केवढीशी!" मामा म्हणाले, "बरं बरं. चहा घेऊन जा."

पायथ्याशी उभं राहिल्यावर मात्र 'केवढीशी' म्हणवत नाही. मान पूर्ण मागे टाकावी लागते. सुर्र... सुर्र... असा आवाज, आणि प्रत्येक पातं डोक्यावरून जाताना आपण नकळत खांदे आकसतो. माझा एक शाळेतला मित्र काही वर्षं पवनचक्क्यांच्या मेंटेनन्सला होता, त्याला आम्ही गाइड म्हणून धरून आणलं होतं. त्याने मामेभावाला पहिला प्रश्न विचारला : "वारा पात्याला ढकलतो, म्हणून ते फिरतं, असं वाटतंय ना तुला?" 

"मग?"

"ढकलत नाही. उचलतो."

आणि मग जमिनीवर काडीने त्याने पात्याचा आडवा छेद काढला. एक बाजू फुगीर, दुसरी चपटी, पुढची कड गोल, मागची निमुळती. मामेभावाने चित्र पाहिलं आणि ओरडलाच, "हे तर विमानाचं पंख आहे!"

तेच आहे. वारा या आकारावरून वाहताना दोन बाजूंना दाबाचा फरक पडतो आणि पातं एका बाजूला खेचलं जातं. विमानात या ओढीला 'लिफ्ट' म्हणतात, ती विमानाला वर उचलते. इथे तीच ओढ पात्याला गोल फिरवते. जोराच्या वाऱ्यात पात्याचं टोक ताशी २०० किलोमीटरच्याही पुढे धावत असतं, खालून बघताना ते आळसावल्यासारखं वाटतं इतकंच. वाऱ्याचा हिशेबही गमतीचा आहे. वारा दुप्पट झाला, तर त्यातली ताकद दुप्पट नाही, आठपट होते. म्हणून तर टेकड्या हव्या, म्हणून तर पावसाळ्याचे चार महिने या चक्क्यांचा खरा सीझन. आणि कितीही भारी चक्की बांधा, वाऱ्यातली ५९.३ टक्क्यांपेक्षा जास्त शक्ती काढताच येत नाही, कारण सगळी काढून घेतली तर वारा तिथेच थांबेल आणि मागून येणाऱ्याला जागाच उरणार नाही. हे आल्बर्ट बेट्झ नावाच्या जर्मन शास्त्रज्ञाने शंभरेक वर्षांपूर्वी मांडलं. ऋषींनी नव्हे, गुहेतल्या गुरूंनी नव्हे. कागदावर गणित करून.

मित्र सांगत होता, चक्की उभी करायच्या आधी टेकडीवर नुसता एक उंच खांब लावतात. त्याच्यावर वाट्यांची भिरभिरी. महिनोन्‌महिने ती वारा मोजत बसते. दिवसाचा, रात्रीचा, आषाढातला, माघातला. आकडे पटले, तरच पुढे पैसे. "वाऱ्याशी दोस्ती करायला आधी त्याची जन्मपत्रिका काढावी लागते," इति आमचा मित्र. 

मला ते वाक्य ऐकताना तळपदे आठवले. वाऱ्याचा दोस्त! त्यांनी वारा मोजला असेल का? काय वापरलं असेल? बांबू कुठून आणले, कापड कुठलं, शिवलं कुणी? मॉडेल पहिल्यांदा कोसळलं तेव्हा त्यांना काय वाटलं, आणि दुसऱ्यांदा त्यांनी काय बदललं? हे जे खरं इंटरेस्टिंग आहे, त्यातलं एक अक्षर फॉरवर्डमध्ये नाही. कारण फॉरवर्डमधले तळपदे पहिल्याच झटक्यात १५०० फूट जातात. देव माणसाला ट्रायल घ्यावी लागत नाही ना!

पडण्याची तारीख

तळपदेंच्याच काळातले बाकीचे पाहा. जर्मनीत ऑटो लिलिएनथाल ग्लायडरवर हजारो उड्या मारून १८९६ च्या ऑगस्टमध्ये कोसळून मेला. त्याच वर्षी ६ मे रोजी वॉशिंग्टनजवळ सॅम्युअल लँगलीचं वाफेच्या इंजिनाचं विनापायलट विमान पोटोमॅक नदीवर सुमारे एक किलोमीटर उडालं. टेलिफोनवाले अलेक्झांडर ग्रॅहम बेल काठावर कॅमेरा घेऊन उभे होते, फोटो आजही आहे. लँगलीचं माणसासकट उडायचं विमान मात्र १९०३ च्या डिसेंबरात सरळ नदीत गेलं, आणि पेपरांनी त्याची मनसोक्त चेष्टा केली. त्यानंतर नवव्या दिवशी, १७ डिसेंबरला, राइट बंधू उडाले. किती? १२ सेकंद. १२० फूट. बस्स! आणि त्या १२ सेकंदांसाठी सायकल दुरुस्त करणाऱ्या त्या दोन भावांनी आधी पतंग उडवले, ग्लायडर पाडले, एका लाकडी खोक्यात पंखा लावून छोटा वाऱ्याचा बोगदा केला आणि त्यात पंखांचे शे-दोनशे आकार तपासले. 

यातल्या प्रत्येकाच्या पडण्याची तारीख आपल्याकडे आहे. म्हणून त्यांच्या उडण्यावर विश्वास बसतो.

हे सगळं लांबचं वाटत असेल, तर नगरमध्येच या. नगरच्या व्हीआरडीई या डीआरडीओच्या प्रयोगशाळेचं नाव घेतलं की आपल्याला रणगाडे आणि लष्करी गाड्याच आठवतात. पण 'निशांत' या आपल्या विनापायलट विमानासाठी देशी इंजिन हवं होतं, तेव्हा ते करणाऱ्या तीन संस्थांमधली एक हीच. बाकीच्या दोन बेंगळुरूच्या. इंजिन वांकेल पद्धतीचं, म्हणजे पिस्टन वर-खाली नाही, तर तिकोनी रोटर गोल फिरतो. ५५ अश्वशक्ती. त्याआधी परदेशी इंजिन आणावं लागायचं. देशी इंजिनावर निशांतचं पहिलं उड्डाण झालं २९ मार्च २००९ रोजी. कुठे? कोलारला! तेच कोलार, जिथे सुब्बराय शास्त्रींना गुरू भेटल्याचं सांगतात. मी यातून काही सुचवत नाहीये. योगायोग आवडतात, एवढंच.

निशांतचं पुढे काय झालं, तेही सांगायला हवं. लष्कराने चार घेतली, आणि २०१५ पर्यंत चारही कोसळली. बाकीची घेणं थांबलं. हे कुणी लपवलं नाही, पेपरात छापून आलं. आणि तरी या देशात ड्रोन बनवणं चालूच आहे, कारण प्रत्येक कोसळण्यातून पुढच्याला काहीतरी कळतं.

हे ऐकून मामेभाऊ पहिल्यांदा माझ्याकडे न बघता चक्कीकडे बघत म्हणाला, "चारही?"

"चारही."

"आणि तरी ते इंजिनिअरच?"

"मग काय!"

चमत्कार आमच्याकडे नवे नाहीत

तुम्ही म्हणाल, जाऊ दे ना, लोकांना अभिमान वाटतो तर बिघडलं कुठे? याचं उत्तर द्यायला नगर जिल्ह्याइतकी योग्य जागा नाही. आमच्याकडे नेवाशाला ज्ञानेश्वरी सांगितली गेली. ज्ञानदेवांनी भिंत चालवल्याची कथा आम्ही आईच्या मांडीवर ऐकली. शिर्डीला साईबाबांनी पाण्याने पणत्या पेटवल्याचं सांगतात, ते आमच्याच जिल्ह्यात. गावोगावी मारुतीचं देऊळ आहे, आणि मारुती म्हणजे तर साक्षात वाऱ्याचा मुलगा. पण आजवर कुणी भिंतीचा ताशी वेग विचारला नाही की पणतीतल्या पाण्याचा फॉर्म्युला मागितला नाही. कारण त्या कथा इंजिनिअरिंग म्हणून कुणी सांगतच नाही. त्यांचं काम वेगळं आहे आणि ते त्या करतात.

गोची होते ती कथा उठून परिषदेत पेपर वाचायला लागते तेव्हा. जानेवारी २०१५ मध्ये मुंबईत भारतीय विज्ञान काँग्रेसमध्ये प्राचीन विमानविद्येवर निबंध वाचला गेला. आधार 'वैमानिक शास्त्र'. प्राचीन विमानं एका ग्रहावरून दुसऱ्या ग्रहावर जात, मागेसुद्धा उडत, वगैरे. जगभर बातम्या झाल्या, शास्त्रज्ञांनी निषेध केला. त्यात सगळ्यात जास्त कुणाचं नुकसान झालं असेल, तर तळपदेंचं. कारण आता त्यांचं नाव काढलं की निम्मे लोक हात जोडतात आणि निम्मे फिदीफिदी हसतात. त्यांच्या बांबूंबद्दल कुणीच विचारत नाही.

याउलट नगरमध्ये घडलेला एक कारागीर बघा. १५४९ साली, बुऱ्हाण निजामशाहाच्या काळात, इथे ५५ टनांची तोफ ओतली गेली. आज ती विजापूरच्या बुरुजावर आहे. तीच ती मुलूखमैदान! ज्याने ओतली त्याचं नाव महंमद बिन हसन रूमी. आपल्याला हे माहीत आहे, कारण त्याने ते तोफेवरच कोरून ठेवलंय, सालासकट. पावणेपाचशे वर्षं झाली, जाऊन हात लावून बघता येतं. 

तळपदेंच्या बाबतीत हात लावायला काही उरलं नाही, आणि उरलंय की नाही हे शोधायचे कष्टही आपण घेतले नाहीत. १८९५ चे 'केसरी'चे अंक काही मंगळावर नाहीत. जे. जे. आहे, पाठारे प्रभू समाजाच्या संस्था आहेत, बडोद्याचं दफ्तर आहे. एखाद्या इतिहासाच्या विद्यार्थ्याने दोन वर्षं घालवली, तर कदाचित मरुत्सखाचं बिल सापडेल. पाच रुपयांचं कापड, दोन रुपयांचे बांबू. शप्पथ सांगते, ते बिल मला १५०० फुटांपेक्षा जास्त आवडेल.

मामेभावाने डीपी बदललेला नाही. बदलावा असा माझा आग्रहही नाही. आपली बोली बोलणारा एक ड्रॉइंग मास्तर शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी बांबू आणि कापड घेऊन उडायला निघाला होता, याचा अभिमान का वाटू नये? भिंतीवरच्या त्या पेन्सिल चित्रात मात्र त्याने दुरुस्ती केली आहे. पाऱ्याचं भांडं खोडलंय आणि पंखांचा छेद काढलाय. एक बाजू फुगीर. खाली बारीक अक्षरात एक यादी आहे, 'विचारायचं' म्हणून. पहिला प्रश्न : वजन किती होतं?

जायचं असेल तर : पुण्याहून सुपं साधारण ९० किलोमीटर. जून ते सप्टेंबर बेस्ट, तेव्हाच चक्क्या जोरात असतात आणि टेकडी हिरवी. शेवटचा रस्ता खराब आहे, बाइक सांभाळून. टॉवरच्या कुंपणाच्या आत जायचं नाही, पात्यांखाली सेल्फी काढत रेंगाळायचं नाही. वर खायला काही मिळत नाही, खाली हायवेवर मिसळ आहे. आणि टोपी घालणार असाल, तर दोरीची घाला. माझी कवड्या डोंगरावरच कुठेतरी आहे.